कुणाशी समपरासारी?

"पण हा शब्द तुम्ही त्याला लावलातच कसा, बाबा?"

भार्गवने विचारलं तेव्हा विमलनाथबाबा ओसरीवर शेंगा फोडत बसले होते. ते फोडत राहिले.

"कुठला शब्द?"

"समपरासारी."

"हां. समपसारी."

"समपसारी नाही, समपरासारी! परासरणावरून आलाय तो. समपसारी असा शब्दच जगात नाही."

"लिंबाजी तर म्हणतो."

भार्गवच्या कानशिलावरची शीर उडायला लागली. लिंबाजीचं नाव निघालं की हल्ली तिला तेवढाच उद्योग असे.

बालाघाटच्या डोंगरात विमलनाथबाबांचा लहानसा मठ आहे. तिथे पहाटे साधकांकडून जलनेती करून घेतात. तोटीच्या भांड्यातून कोमट खारं पाणी एका नाकपुडीत सोडायचं, ते दुसरीतून बाहेर येतं. एवढंच. पण पहिल्यांदा करणाऱ्याच्या तोंडचं पाणी पळतं.

भार्गव निफाडकर कॉलेजातली जीवशास्त्राची नोकरी सोडून इथे आला. तो येईपर्यंत पाण्यात मुठीने मीठ पडायचं. कुणाची मूठ मोठी, कुणाची लहान. साधकांची नाकं चरचरायची, आणि त्या चरचरीलाच ते तपश्चर्या समजायचे.

भार्गवने छोटा तराजू मागवला. लिटरभर पाण्याला नऊ ग्रॅम मीठ, जास्त नाही, कमी नाही. चरचर थांबली. काही जणांना चुकल्याचुकल्यासारखं झालं, पण थांबली.

मग त्याने सगळ्यांना तो शब्द दिला आणि फळ्यावर चित्र काढून अर्थही समजावला. ज्या पाण्याचा खारेपणा रक्ताएवढा, ते पाणी रक्ताशी समपरासारी. अशा पाण्यात शरीरातली पेशी ठेवली तर ती फुगत नाही, सुकतही नाही. जेवढं पाणी आत जातं तेवढंच बाहेर येतं. साध्या पाण्यात ठेवली तर पाणी आत शिरतच राहतं, पेशी फुगते आणि शेवटी फुटते. फार खाऱ्या पाण्यात ठेवली तर आतलं पाणी निघून जातं आणि ती आक्रसते.

"म्हणजे ये-जा थांबत नाही?" बाबांनी तेव्हा विचारलं होतं.

"नाही बाबा. ये-जा चालूच. फक्त कुणाचं जास्त होत नाही, कुणाचं कमी होत नाही."

बाबांनी खूश होऊन त्याच्या पाठीवर हात ठेवला होता. तो हात भार्गवला पुढे कितीतरी दिवस पाठीवर जाणवायचा.

आणि मग लिंबाजी आला.

हा लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचा. दम पुरेना म्हणून श्वास सुधारायला आला, आणि राहिला. त्याला आसनं जमत नव्हती. ध्यानाला बसला की घोरायचा. पण नवी माणसं त्याच्याजवळ बसली की सैल व्हायची. नाकात पाणी घ्यायला घाबरणाऱ्याचा हात लिंबाजीने धरला की तो निमूट घ्यायचा आणि वर हसायचा.

पाणी भार्गवचं, मीठ भार्गवचं, शब्दही भार्गवचा. वाहवा मात्र लिंबाजीची.

भार्गव जळत होता. दुसरा शब्द नाही त्याला. बाबांनी लिंबाजीला ताक दिलं की हा पेल्याकडे बघायचा, किती भरलाय. बाबा लिंबाजीच्या बोलण्यावर हसले की हा मनाशी म्हणायचा, यात हसण्यासारखं काय होतं? आणि तो मोडका उच्चार! लिंबाजीच्या जिभेवर 'रा' थांबत नव्हता. तो समपसारी म्हणायचा. त्याचं ऐकून साधक म्हणायला लागले. शेवटी बाबाही.

आज सकाळच्या बैठकीत तर कहरच झाला. बाबा सगळ्यांसमोर म्हणाले, "आपला लिंबाजी समपसारी माणूस आहे. त्याच्याजवळ बसून कुणी फुगत नाही, कुणी सुकत नाही. उद्यापासून नव्या लोकांची नेती तोच घेईल."

नव्या लोकांची नेती चार वर्षं भार्गव घेत होता.

सगळे आनंदले. लिंबाजी लाजून उपरण्याचं टोक चावू लागला. भार्गवही हसला. चारचौघांत दुसरं काय करणार?

म्हणून आज दुपारी तो ओसरीवर येऊन उभा होता.

"तुम्ही शब्द चुकीचा वापरलात," तो म्हणाला.

"चुकला असेल. मास्तर तू."

"समपरासारी असं कुणा एकाला म्हणताच येत नाही. दोन लागतात. नेतीचं पाणी रक्ताशी समपरासारी आहे. तेच पाणी समुद्राशी नाही. कशाशी, ते सांगितलं नाही तर शब्दाला काही अर्थच उरत नाही."

बाबांनी एक शेंग फोडली. पोकळ निघाली. टाकली.

"म्हणजे लिंबाजी कुणाशी, ते मी सांगायला पाहिजे होतं."

"हो."

"तूच सांग. तू त्याला दिवसभर कुणाशी लावून बघत असतोस?"

भार्गवने पायाशी पडलेलं टरफल उचललं.

"दोन लागणारा आणखी एक शब्द आहे वाटतं," बाबा म्हणाले.

"कुठला?"

बाबांनी दाणे तोंडात टाकले आणि चावत राहिले.

भार्गवचा धीर सुटला. "चार वर्षं, बाबा! पहाटे उठून पाणी तापवलं. एकाच्या नाकाला कधी चरचर झाली नाही. माझं काय चुकलं तेवढं सांगा. ते सांगणार नसाल तर मी जातो. उद्याच जातो."

"उद्या नेती आहे. पाणी कोण करणार?"

"पाणी!" भार्गवचा आवाज चिरकला. "म्हणजे मी पाण्यापुरता."

"पाण्यापुरता," बाबा म्हणाले, आणि पुढची शेंग उचलली.

पहाटे भार्गवने पाणी तापवलं. मिठाचा डबा उघडला. मीठ तराजूत घातलं, काटा बघितला. बरोबर होतं.

मग ते मीठ त्याने परत डब्यात ओतलं आणि झाकण घट्ट लावलं.

मी काही घातलेलं नाही, तो स्वतःला म्हणाला. वाईट असं काहीच घातलेलं नाही. फक्त घातलं नाही... शिकलेला माणूस स्वतःला फसवतो तेही शुद्ध भाषेत.

साधं पाणी नाकात गेलं तर कोणी मरत नाही. पण कपाळात कळ जाते, ठसका लागतो, डोळ्यांतून धारा लागतात. आज लिंबाजीच्या हातून सगळ्यांना तेच होणार होतं. पहिल्याच दिवशी. भार्गवला ते बघायचं होतं. बघून मग तो जाणार होता. पिशवी भरून दाराशी ठेवलेली होती.

नवे साधक अंगणात ओळीने बसले. पहिली एक बाई होती. जन्मभर नाक चोंदलेलं म्हणून डोंगर चढून आलेली, आणि आता भांडं बघून पांढरीफटक पडलेली.

लिंबाजी तिच्यासमोर उकिडवा बसला. "घाबरू नगा ताई. पाणी सरांनी केलंय. आमच्या सरांचं पाणी म्हंजी डोळे झाकून घ्यायचं. मोजूनमापून. एकदम समपसारी."

भार्गव खांबाला टेकून उभा होता. ते ऐकून ओरडून थांबवावं असं त्याला वाटलं. पण त्याही क्षणी राग आला तो उच्चाराचा, आणि तो गप्प राहिला.

बाईने भांडं उचललं.

"थांबा ताई," मागून आवाज आला. "आज पहिलं भांडं मला."

बाबा नव्यांच्या नेतीला कधी येत नसत. आज आले. त्यांनी बाईच्या हातातून भांडं घेतलं आणि तिच्या शेजारी बसले.

"बाबा..." भार्गव म्हणाला.

बाबांनी वळून बघितलं. "काय रे?"

"काही नाही."

बाबांनी मान कलती केली आणि तोटी नाकाला लावली.

पाणी आत गेलं. बाबांचे खांदे एकदा थरथरले. भांड्यावरची बोटं घट्ट झाली. दुसऱ्या नाकपुडीतून धार आली, दाढीवरून ओघळली. डोळे लाल झाले. मोठा ठसका आला, आणि म्हातारा छाती धरून खोकत राहिला.

खोकला थांबल्यावर त्यांनी भांडं पुन्हा भरलं. मान दुसऱ्या बाजूला कलती केली. तेच पाणी दुसऱ्या नाकपुडीत सोडलं.

लिंबाजीचा चेहरा उतरला. "बाबा, काय झालं? माझं काय चुकलं? भांडं मी नीट दिलं नाही का?" तो कानाच्या पाळ्या धरायला लागला. "मला जमणार नाही म्हणलो होतो ना मी. सरांनाच सांगा तुम्ही. हे सरांचंच काम."

हेच तर भार्गवला बघायचं होतं. अगदी असंच. आता ते समोर होतं आणि त्याला बघवत नव्हतं.

"त्याचं काही चुकलं नाही," तो म्हणाला. "पाण्यात मीठ नाही. मी घातलं नाही."

बाईने पदर तोंडावर घेतला.

बाबा दाढी पुसत होते. आवाज घोगरा झाला होता, पण त्यात राग नव्हता. भार्गवला राग चालला असता.

"मग हे पाणी समपसारी नाही?"

"नाही."

"कुणाशी नाही?"

"रक्ताशी."

"कुणाच्या?"

"तुमच्या," भार्गव म्हणाला.

बाबांना अजून हवं होतं.

"या ताईंच्या... लिंबाजीच्या."

"तुझ्या?"

"माझ्याही."

"प्रत्येकाला वेगळं मीठ लागत असेल ना रे? तुला जास्त, लिंबाजीला कमी?"

"नाही बाबा. सगळ्यांना तेवढंच."

एकदम तो पुढे झाला. ओळीतलं एक भरलेलं भांडं त्याने उचललं आणि मान कलती करून तोटी आपल्या नाकाला लावायला गेला. बाबांनी तोटीच धरली.

"घेऊ द्या, बाबा. मला मिळालंच पाहिजे ते."

"आधी मीठ."

"बाबा..."

"लोक बसलेत, मास्तर. मीठ घाल."

भार्गवने सगळी भांडी पुन्हा मोठ्या पातेल्यात रिकामी केली. डबा आणला, तराजू आणला. पण पारडं काही केल्या स्थिर राहीना.

"सर, मी धरू?" लिंबाजीने विचारलं.

भार्गवने मान डोलावली. लिंबाजी शेजारी उकिडवा बसला आणि दोन्ही हातांनी तराजू स्थिर धरला. त्याने विचारलं नाही, का केलंत म्हणून. तेही भार्गवला सोसवेना. चिमटीचिमटीने तो मीठ घालू लागला. पण एका काट्याचे दोन दिसायला लागले, मग काटा दिसेनासाच झाला. हुंदके बाहेर फुटले. कॉलेजातले, मठातले, चार वर्षांचे, सगळे एकदम. तो सगळ्यांसमोर रडला, पोरासारखा, नाक वाहीपर्यंत.

बाबा वाकले. हनुवटी धरून त्यांनी भार्गवचं तोंड आपल्याकडे वळवलं. त्यांचे स्वतःचे डोळे अजून लालभडक होते.

"डोळे भरलेत तुझे."

"हो, बाबा."

"झोंबतात?"

भार्गवने पापण्या मिटल्या, उघडल्या.

"...नाही."

"मग त्या आसवांतलं मीठ कुणी मोजलं?"