मातीवरची थाप

पूर्वी चंपकनगरीत सुबाहू राजाचं राज्य होतं, त्या काळी बोधिसत्त्व एका मल्लाच्या घरी जन्माला आले. नाव सोमिल. वयात आल्यावर वेशीबाहेर त्यांनी आखाडा काढला. माती चाळून, तेल आणि ताक घालून इतकी मऊ केली होती की पडणाऱ्याला लागू नये. लोक त्यांना वस्ताद म्हणत.

आखाड्यात नवा माणूस आला की वस्ताद त्याला डाव शिकवत नसत, थाप शिकवत. खालच्या मल्लाने मातीवर दोनदा तळहात आपटला की वरच्याने पकड सोडायची. त्याच क्षणी. का आपटला, खरंच दुखलं का, हे विचारायचं नाही. महिनोन् महिने हेच चाले.

कापडाचा व्यापारी नोकराला गठ्ठा बांधायला शिकवण्याआधी गाठ सोडायला शिकवतो, हे बाजारात फिरलेल्यांना माहीत असेल. बांधणं कोणालाही येतं. ज्याला सोडता येत नाही तो शेवटी सुरी घेतो आणि दोरीबरोबर कापडही कापतो. वस्तादांचं शिकवणं तसलंच होतं.

त्यांच्या शिष्यांत दोघे चांगले. नंदिक कुंभार होता, आखाड्याला लागूनच त्याचं घर होतं. दिवसा मडकी घडवी, सायंकाळी मातीत उतरे. दुसरा कालक, अंगाने बैलासारखा.

"वस्ताद, धरायचं कधी शिकवणार?" कालक विचारी.

"सोडता आलं की."

"म्हणजे तोवर आम्ही मातीला गुदगुल्या करायच्या!"

सगळे हसत. वस्तादही हसत. पण डाव हाती येताच कालक आखाडा सोडून राजाच्या पदरी गेला. सुबाहू राजाला साध्या कुस्तीची गोडी नव्हती. हाड मोडल्याचा आवाज आला की तो आसनावरून उठून टाळ्या वाजवी. कालकाने त्याला तो आवाज पुष्कळ ऐकवला. समोरचा थाप देई, कालक सोडत नसे. दोन मल्ल मातीतच गेले.

पुढच्या उत्सवाला कालकासमोर उभं राहायला कोणी मिळेना. तेव्हा राजाचा दूत आखाड्यात आला. "वस्तादांच्या शिष्यांपैकी नंदिक येईल. न आला तर त्याच्या घरादाराला आग लागेल," असं सांगून गेला.

नंदिकाची बायको भामा उंबऱ्यात बसून राहिली. रडली नाही. वस्ताद म्हणाले, "नंदिका, तू चाक फिरव. मी जातो."

"तुमचं वय काय, वस्ताद?"

"राजाला हाडं हवी आहेत. म्हाताऱ्याची लवकर वाजतात."

उत्सवाच्या सकाळी वस्ताद कालकाला भेटले. तो अंगाला तेल चोळून घेत होता.

"या, या! म्हातारपणी लंगोट कशाला आवळलात?"

"कालका, माझी थाप ऐकशील ना?"

"तिथे हलगी किती जोरात वाजते, ठाऊक आहे ना? कानात काही शिरत नाही."

"थाप कानाला कळत नाही रे. अंगाला कळते."

कालक तेल चोळणाऱ्यावर उगाच खेकसला.

शड्डू ठोकले गेले. हलगी कडाडली. कालक धावून आला आणि त्याच्याच धावेने वस्तादांनी त्याला खाली आणलं. लोकांना कळायच्या आत कालकाच्या मानेला पेच बसला होता. राजा उठून ओरडला, "मोड! मोड ती मान!"

कालकाचा श्वास कोंडला. आयुष्यात पहिल्यांदा त्याचा तळहात मातीवर पडला. एकदा. दोनदा.

वस्तादांना त्या क्षणी सगळं दिसत होतं. पेच थोडा आवळला असता तर कालक संपला असता, नंदिकावर पुन्हा पाळी आली नसती, आणि राजाही खूष झाला असता. सोडलं तर हा माणूस काय करील, हे त्यांना पक्कं माहीत होतं. त्यांनीच त्याला वाढवलं होतं.

त्यांनी सोडलं.

कालक उलटला आणि त्याने वस्तादांचं मानगूट दोन्ही हातांत धरलं. वस्तादांनी मातीवर थाप दिली. दुसरी थाप पुरी झाली नाही.

हलगी आपोआप थांबली. त्या शांततेत कालक उभा राहिला आणि मोठ्याने हसत म्हणाला, "थाप मारली होती मी! म्हातारा फसला!"

तो शब्द नगरात राहिला. तोवर चंपकनगरीत थाप म्हणजे मातीवरचा तळहात एवढंच होतं. त्या दिवसापासून थाप म्हणजे खोटं बोलणं झालं. थापेवर विसंबून मातीत उतरायला कोणी धजेना. एकेक आखाडा बंद पडला. कुठे गुरं बांधली, कुठे वांगी लावली. वस्तादांच्या आखाड्याची माती नंदिकाने चाकावर घेऊन पाहिली. तेल मुरलेली ती माती, तिचं मडकं भट्टीत फुटलं.

जोड नाही म्हणून कुस्ती नाही. कुस्ती नाही म्हणून राजालाही कालक जड झाला. "एकट्या मल्लाला पोसून मी काय बघू?" म्हणून त्याने त्याला हाकलून दिलं. कालक हिंडत हिंडत त्याच पडक्या आखाड्यात येऊन राहिला. तो नंदिकाच्या दारावरून जाई, नंदिक मान वर करत नसे.

एका दुपारी वाऱ्याने आखाड्याचं छप्पर खाली आलं. नंदिक ओल्या मडक्याला थापटत बसला होता. भामा आत येऊन म्हणाली, "अहो, ऐकलंत का? आखाड्यातून आवाज येतोय. दोनदा, मग थांबतो. पुन्हा दोनदा."

नंदिकाने हात थांबवला. आवाज त्याने ओळखला. उमेदीची सगळी वर्षं त्याने त्या आवाजावर घालवली होती.

"कालक आहे," तो म्हणाला. "थाप मारत असेल."

आणि तो पुन्हा मडकं थापटू लागला.

मडकं पुरं झालं तेव्हा पलीकडे काही ऐकू येत नव्हतं. मग मात्र तो धावला. छपराचं आढं कालकाच्या छातीवर आडवं पडलं होतं. बाहेरून एक माणूस ते सहज उचलू शकला असता. कालकाचा तळहात मातीवर उघडा होता, आणि त्याच्याखाली मऊ मातीत एक खळगा पडला होता.

नंदिकाने त्यानंतर मडकं घडवलं नाही.

एवढी पूर्वजन्मीची गोष्ट सांगून शास्त्यांनी, म्हणजे भगवानांनी, समोर बसलेल्या भिक्खूंकडे पाहिलं. मग म्हणाले, "भिक्खूंनो, काल संघात उत्तियाने क्षमा मागितली. हा नेहमीच मागतो, असं म्हणून पुण्णकाने तोंड फिरवलं. तेव्हाचा कालक म्हणजे आजचा उत्तिय. नंदिक म्हणजे पुण्णक. या दोघांची भांडणं लावून मजा बघणारा गृहस्थ धनक हा तेव्हाचा सुबाहू राजा. आणि सोमिल वस्ताद मीच होतो. थाप खरी की खोटी, हे मी विचारलं नाही. ती पडली आणि मी सोडलं. त्याने मी वाचलो नाही, आखाडाही वाचला नाही. तरीही भिक्खूंनो, फसवलं जाण्याची खात्री असताना पाळलेला नेम, त्यालाच शील म्हणतात."

पुण्णक उठला. उत्तियाच्या जागेपाशी गेला. ती जागा रिकामी होती. उत्तिय पहाटेच संघ सोडून निघून गेला होता.