कासाराच्या वेषातले देशमुख

भवानराव देशमुखांचा गावात मोठा दरारा होता, पण मन संशयी. त्यांची बायको गोजराबाई येणाऱ्याजाणाऱ्याशी मोकळेपणाने हसून बोलायची. तेवढ्यावरून देशमुखांच्या मनात किल्मिष आलं. परगावी जातो म्हणून ते सकाळी निघाले आणि दुपारी दाढी लावून, कासाराच्या वेषात आपल्याच अंगणात आले.

"बांगड्या कसल्या भरतेस? माझ्याबरोबर चल, सोन्याने मढवीन," ते आवाज बदलून म्हणाले.

गोजराबाईने त्यांना हाकलून दिलं.

दुसऱ्या दिवशी देशमुखांनी भावकीला जेवायला बोलावलं आणि मिशीवर ताव देत सगळी हकिकत सांगितली. "आमची बायको परीक्षेला उतरली!"

वाढता वाढता गोजराबाई थांबली. "मी तुम्हाला तेव्हाच ओळखलं होतं," ती म्हणाली.

देशमुखांचा चेहरा उतरला. "मग ती परीक्षा कसली? तू कशी आहेस, हे मला कळायचं कसं?"

"तेच तर म्हणते," गोजराबाई शांतपणे म्हणाली. "तुम्ही वेष बदललात, आवाज बदललात, तरी मी तुम्हाला क्षणात ओळखलं. मी इतकी वर्षं याच चेहऱ्याने तुमच्यासमोर वावरतेय, तरी तुम्ही मला ओळखलं नाहीत."

पंगतीत कुणाचा घास उचलला गेला नाही. संध्याकाळी ती माहेरी निघून गेली.

महिन्याभराने देशमुख एकटेच, पायी तिथे आले.

"न्यायला आलोय," ते म्हणाले. "पण तुझा माझ्यावर विश्वास बसेल तेव्हाच ये. तोवर मी इथे ओसरीवर थांबतो."

गोजराबाईने पाण्याचा तांब्या त्यांच्यापुढे ठेवला.