द्वारकाकाकूंचं ताजं पाणी

हंडा बोलायचा असं मला आठवतं, पण माझ्या आठवणीवर फार विसंबू नका. गावात नळ नुकताच आला होता. द्वारकाकाकू रोज सकाळी भरलेला हंडा मोरीत ओतायच्या.

"काकू, कालच तर भरलंत मला!" हंडा म्हणायचा.

"शिळं पाणी का माणसाला द्यायचं? गप बस."

एकदा हंडा ओतला आणि नळाला पाणीच आलं नाही. तेवढ्यात उन्हातून जावई दारात.

"आता काय देऊ गं बाई!"

"मोरीला विचारा," हंडा म्हणाला. "रोज तीच पिते."

काकूंनी शेजारून तांब्याभर पाणी मागून आणलं, मागतानाही "ताजं आहे ना?" विचारलंच.

पुढे कित्येक वर्षांनी मी पाणी सोडणाऱ्याकडून खात्री करून घेतली. गावची टाकी आठवड्यातून एकदाच भरत असत.