हुंकारीचं मूळ

एका राज्यात, राजा भद्रकेतूच्या अमदानीच्या सव्विसाव्या वर्षी, शिशिर ऋतूत, माघ वद्य नवमीला सकाळी, राजवैद्य लखमोजीनं खुंटीवरची झोळी काढली. त्याची लेक येसू ओसरीवर बसली होती. तिला आठवा महिना होता.

"बाबा, माझं तरी रडेल ना?"

लखमोजीनं झोळी खांद्याला अडकवली.

त्या राज्यात बारा वर्षांत एकही मूल रडलं नव्हतं. मुलं जन्मत, वाढत, धावत, पडत. गुडघे फुटत, डोळ्यांतून पाणी वाही, पण गळ्यातून आवाज निघत नसे. वासरं हंबरत नसत. कोंबडीची पिल्लं चोच उघडत आणि मिटत. राजानं मांत्रिक आणले, होम केले. उपयोग झाला नाही. आवाज का गेले ते एकट्या लखमोजीला ठाऊक होतं.

नकट्या डोंगराच्या कपारीत हुंकारी नावाची वेल होती. जगात तेवढी एकच. पानं माणसाच्या कानाएवढी, कानाच्याच घडणीची. तिचं मूळ पोटात गेलं की मरणारा उठून बसे. पण रीत होती. आदल्या दिवशी मुळाशी अक्षत ठेवायची, कोणासाठी हवं ते सांगायचं, दिवस उगवताना पुन्हा जायचं. वेल 'हूं' म्हणाली तर घ्यायचं. गप्प राहिली तर हात जोडून माघारी यायचं.

बारा वर्षांपूर्वी राजा विषाचा बाण लागून पडला. लखमोजीनं अक्षत ठेवली. सकाळी वेल गप्प होती. पुन्हा विचारलं, तरी गप्प. राजाचा प्राण कंठाशी आला होता. लखमोजीनं कुदळ घातली.

मूळ उगाळताना राजानं विचारलं होतं, "वेल काय म्हणाली?"

लखमोजी म्हणाला होता, "हूं." राजा उठून बसला आणि त्याच दिवशी राज्यातल्या पोरावासरांचे आवाज गेले.

नवमीच्या त्या सकाळी तो पुन्हा डोंगर चढला. वेल वाळून दोरखंडासारखी झाली होती. तिच्यावर तांबड्या पंखांचा भारद्वाज बसला होता.

"बारा वर्षं लागली तुला चढायला," भारद्वाज म्हणाला.

"गुडघे दुखतात."

"तेव्हा कुदळीसकट चढला होतास."

लखमोजीनं मान खाली घातली. "काय करू ते सांग."

"तीन वस्तू आण. थोरल्या वारुळाची माती. सगुणा परटिणीच्या डोहाचं पाणी. आणि नेलंस ते मूळ. तिन्ही ठिकाणी अक्षत ठेव. हूं आल्याशिवाय हात लावू नकोस. चौथी वस्तू तुझ्यापाशीच आहे. वेळ आली की मागेन."

वारुळावर त्यानं अक्षत ठेवली. राज्याइतका जुना नाग बाहेर आला, त्याच्या पायावरून चढून गळ्याशी आला आणि डोळ्यांत डोळे घालून थांबला.

"चोराला माती देत नाही."

"चोरी परत करायला हवी आहे."

नाग उन्हं कलेपर्यंत गळ्यात राहिला. मग म्हणाला, "हूं," आणि उतरला.

सगुणा डोहाकाठी धुणं आपटत होती. लखमोजीनं अक्षत ठेवली आणि सगळं सांगितलं, काही न लपवता. तिचे हात थांबले नाहीत.

"माझा म्हाळू या डोहात बुडाला तेव्हा चार वर्षांचा होता, वैद्यबुवा. मी इथंच होते, पाठ करून. तीन हातांवर. त्याला बोंब मारता आली असती तर वळले नसते का मी?"

"वळली असतीस."

"वेलीला विचारायला गेला होतात. मला कोणी विचारलं होतं?"

"कोणीच नाही."

"मग बसा आता."

तो तीन दिवस खडकावर बसला. तिनं त्याला भाकरी दिली नाही, शिवीही दिली नाही. चौथ्या सकाळी तिनं विचारलं, "येसू कधी मोकळी होणार?"

"चैत्रात."

सगुणानं पिळा दगडावर आपटला. "हूं," ती म्हणाली, थुंकल्यासारखी. "भरा आणि चालते व्हा."

तिसरी अक्षत त्यानं भर दरबारात राजाच्या पायाशी ठेवली.

"महाराज, मूळ परत हवं आहे."

"वेल हूं म्हणाली होती ना?"

"नाही. मी म्हणालो होतो."

सेनापतीनं तलवार उपसली. राजानं हात वर केला.

"मूळ निघालं तर?"

"बाण लागला होता तिथून निघेल. मग महाराज राहणार नाहीत."

"आणि मी नाही म्हणालो तर?"

"घरी जाईन. न विचारता पुन्हा घेणार नाही."

राजाशेजारी धाकटी राजकन्या बसली होती. दहा वर्षांची. तिनं बापाला एकदाही हाक मारलेली नव्हती. राजानं तिच्याकडे पाहिलं, खूप वेळ पाहिलं. मग मुकुट उतरवून थोरल्या मुलाच्या डोक्यावर ठेवला आणि अंगरख्याचे बंद सोडले.

"बारा वर्षं चोरीची जगलो आणि मला पत्ता नाही," तो म्हणाला. "हूं."

जुनी जखम उघडली. उगाळलेलं मूळ सबंध बाहेर आलं, ओलं आणि कोमट. राजा सिंहासनावरच कलंडला. सेनापतीनं तलवार म्यान केली.

लखमोजीनं कपारीत माती घातली, मूळ रोवलं, पाणी दिलं. मूळ हललं नाही.

"आता चौथं," भारद्वाज म्हणाला. "वेलीचा हूं तू तुझ्या तोंडानं म्हणालास. तो तिचा होता."

त्यानं बारा वर्षांपूर्वीच्या अक्षतेतला एक तांदूळ चोचीनं उचलला, लखमोजीच्या पायाशी ठेवला आणि वाट पाहत बसला.

लखमोजीला समजलं. आता विचारणारी वेल होती, आणि मागत होती त्याचा आवाज.

"येसूचं बाळ रडलं तर मला ऐकू येईल?"

"ऐकू येईल."

लखमोजीनं डोळे मिटले. "हूं," तो म्हणाला. तो त्याचा शेवटचा शब्द.

मुळाला कोंब आला. कोंबाची वेल झाली, वेलीला कान फुटले आणि वेल हुंकारली. खाली राज्यातली मुलं एकदम रडली, बारा वर्षांचं रडली. वासरं हंबरली. राजाच्या चितेपाशी राजकन्येनं पहिली हाक मारली. डोहावर सगुणानं पदरानं कान झाकले, मग पदर सोडला आणि पुढचं लुगडं आपटायला घेतलं.

चैत्र शुद्ध षष्ठीला येसूला मुलगी झाली. ती इतकी रडली की गल्लीतली माणसं दारात येऊन उभी राहिली.

"बाबा, ऐकलंत का?" येसूनं आतून हाक मारली.

लखमोजी उंबऱ्याशी उभा होता. त्यानं मान हलवली. देणं फिटलं.