हामानाच्या नावावर पाय

इंग्रजी अमलात किनाऱ्यावरच्या अष्टागरातले बेने इस्रायली यहुदी पुरीमच्या सणाला नाटक करीत. हामान म्हणजे यहुद्यांच्या जिवावर उठलेला जुन्या काळचा एक वजीर. त्याचं नाव आलं की अख्खा मांडव पाय आपटी. रीतच होती तशी.

नव्या फौजदाराला ते झोंबलं. भर मांडवात तो गरजला, "एलोजी, नाटक बंद! तुमचा हामान म्हणजे मीच, कळतंय मला!"

नाटक बसवणारे एलोजी तेली सावकाश उठले. "बंद करू, रावसाहेब. आत्ता बोललात तेवढं कागदावर लिहून द्या. लोक कारण विचारतील, तेव्हा वाचून दाखवीन."

फौजदारानं लेखणी उचलली, मांडवाकडं पाहिलं, आणि खाली ठेवली.

"चालू द्या," म्हणत तो बाकावर बसला. पुढं हामानाचं नाव आलं, तेव्हा सगळ्यांत जोरात पाय त्यानंच आपटले.