खांद्यावरचे होकार

एका गावात एक कारभारी होता. मनाचा मोकळा, पण 'नाही' हा शब्द काही त्याच्या तोंडून निघत नसे. गावाने त्याला दुसऱ्यांदा निवडून दिलं. हलगी वाजली, गुलाल उधळला आणि रिवाजाप्रमाणे त्याला खांद्यावर घेऊन दारोदार मिरवलं. खांद्यावर बसलेल्याने मागेल त्याला 'हो' म्हणायचं, हाही तिथला रिवाजच!

शेतकरी म्हणाला, "ज्वारीचा भाव वाढवा."

"हो!"

भाकऱ्या विकणारी मावशी म्हणाली, "ज्वारी स्वस्त करा."

"हो, हो!"

दुकानदाराने गावपट्टी माफ करून घेतली. माळ्याने फुटका बंधारा बांधून मागितला. सगळ्यांना होकार मिळाले आणि सगळे मनसोक्त नाचले.

सकाळी गुलाल धुताना कारभारी कालचे होकार एकेक करून मोजू लागला. पावसाळा महिन्यावर आला होता. बंधारा झाला नाही तर यंदाही पाणी वाहून जाणार, ज्वारी करपणार. आणि पट्टीच माफ केली तर बंधारा बांधायचा कशातून?

"खरं सांगितलं तर लोक मला खाली उतरवतील," तो बायकोला म्हणाला.

"खांद्यावरून कालच उतरलात की!" बायको हसली. "आता पायी जाऊन सांगून या."

कारभारी निघाला. ज्या दारी जाई, तिथल्या माणसाला सोबत घेऊन पुढच्या दारी जाई. शेवटी सगळे मावशीच्या अंगणात समोरासमोर आले.

"काल सगळ्यांना हो म्हणालो. चुकलो," कारभारी म्हणाला. "भाव वाढवणं, उतरवणं, दोन्ही जमणार नाही. बंधारा तेवढा जमेल, तोही पट्टी दिलीत तर."

मग मावशीने शेतकऱ्याला विचारलं, "दादा, बंधाऱ्यात पाणी राहिलं तर ज्वारी किती पिकेल हो?"

"दुप्पट!"

"मग भाव थोडा उतरला तरी तुमचं भागेल की."

शेतकऱ्याने डोकं खाजवलं. "भागेल. पण बंधाऱ्याच्या कामावर भाकऱ्या तुमच्या!"

"आणि वर ठेचा!" मावशी म्हणाली. सगळे खळखळून हसले. दुकानदार कुरकुरला, पण पट्टीसोबत गुळाची ढेपही ठेवून गेला.

श्रावणात बंधारा काठोकाठ भरला. गाव हलगी घेऊन कारभाऱ्याला उचलायला आलं. तो दोन पावलं मागे सरला.

"नको रे बाबांनो! वर बसलो की मला 'नाही' म्हणता येत नाही!"

तेव्हापासून त्या गावात मिरवणूक निघते ती पायीच.

तात्पर्य: एकेकट्याला 'हो' म्हणणं सोपं; जो सगळ्यांसमोर 'नाही' म्हणू शकतो, त्याचाच 'हो' खरा.