नऊ फ्रेम

"...मग हा शॉट ठेवायचा की काढायचा, ताई? खरं तर महोत्सवाला सिनेमाच पाठवू नये असं वाटतंय."

शालनताई भोसल्यांनी चष्मा पुसला. चाळीस वर्षं त्यांनी कोल्हापुरात दुसऱ्यांचे सिनेमे कापले होते. संकलन शिकायला लोक अजून त्यांच्या स्वयंपाकघरात येऊन बसत; आज केतकी बसली होती.

"शॉटला काय घाबरतीस?"

"शॉट नाही तो, पुरावा आहे," केतकी म्हणाली.

केतकी स्वतःच्या घरात, स्वतःवरच सिनेमा करत होती. आईपणाचं पहिलं वर्ष. पात्रं दोनच, ती आणि तिची मनू.

लॅपटॉपवर मनू रांगत दिवाणाच्या कडेशी आली. तिचा हात सुटला. चित्र तिथंच संपलं.

"पोर पडली आणि मी रेकॉर्डिंगसुद्धा बंद केलं नाही. आणि सिनेमा कशावर, तर आईपणावर! लोकांनी बघावा की पोलीस बोलवावेत?"

"लागलं होतं तिला?"

"टेंगूळ आलं. दोन दिवसांत गेलं. माझं जात नाही."

"पुढचं दाखव."

"पुढचं नाही. तिथंच कापलंय मी."

"कापलंयस. बघितलंयस का?"

केतकीनं लॅपटॉपवरची नजर काढून घेतली.

"कितीदा कापलास हा सिनेमा?"

"अकरा वेळा."

"आणि अकराही वेळा..."

"हिंमत नाही झाली, ताई."

ताईंनी शॉट पुन्हा मूळ लांबीचा करायला लावला. मनूचा हात सुटतो तिथपासून त्या एकेक फ्रेम पुढं सरकवू लागल्या. मोठ्यानं मोजत, तांदूळ निवडावेत तशा सावकाश.

एक. दोन. तीन...

नऊ.

दहाव्या फ्रेममध्ये मनू नव्हती. भिंत आडवी झाली होती. मग फरशी आली. मग नुसतं छत, आणि पंखा.

"कॅमेरा कुणी टाकला गं?"

"...मीच."

"पंचवीस फ्रेमचा सेकंद. नऊचा किती?"

"अर्धासुद्धा नाही..."

"आणि म्हणं बंद केला नाही! हात मोकळा होता का तुझा?"

केतकी हसली. मग पदर नव्हता म्हणून ओढणीनं नाक पुसलं. मनू पडल्यापासूनच्या सहा महिन्यांत पहिल्यांदाच कुठंतरी ती खुर्चीला पाठ टेकून बसली.

लॅपटॉपवर पंखा फिरत होता. चित्राबाहेर मनू रडत होती. मग हुंदके. मग तिची आपली आपली बडबड. आणि या सगळ्यावरून केतकीचा आवाज, न थांबता... काही नाही झालं, काही नाही झालं, काही नाही...

"ठेवते," केतकी म्हणाली. "मनू शांत झाली की कापते."

ताईंनी तिचा हात कीबोर्डवरून उचलून बाजूला ठेवला.

"पोरगी गप्प झाली म्हणून कापू नकोस. आई गप्प होईपर्यंत थांब."